सोनीबाईनं काढलेला लाल फ्यूज

रामाजी निकुरे एकतीस वर्षं एस.टी. चालवून निवृत्त झाले, पण हॉर्न काही त्यांच्या हातून निवृत्त झाला नाही. पिपरटोल्यात घर बांधून झाल्यावर त्यांनी एक जुनी पांढरी गाडी घेतली. पाच माणसांची, पेट्रोलवाली, मागच्या काचेवर आधीच्या मालकाच्या मुलांची नावं चिकटवलेली. ती नावं खरवडून काढायचीही घाई त्यांना झाली नाही. पहिल्या दिवशी त्यांनी गाडीत बसून जे केलं ते एवढंच, की हॉर्न दाबून पाहिला, आणि आवाज ऐकून मान डोलावली.

तेव्हापासून रस्त्यावर म्हैस दिसली की हॉर्न. वळण आलं की हॉर्न. वळण संपलं की ते संपल्याचा हॉर्न. मार्कंड्याकडे जाणारा रस्ता दुपारी अगदी मोकळा असतो, तर तो मोकळा आहे म्हणून हॉर्न. आणि हे सगळं बाहेरचं. घरी आल्यावर फाटक उघडायला दोनदा, चहा पाहिजे असेल तर तीनदा, आणि चष्मा घरात राहिला असेल तर बोट न उचलता एकच लांबलचक.

ह्या सगळ्या हॉर्नला उत्तर द्यायचं काम त्यांच्या बायकोचं, म्हणजे सोनीबाईचं होतं. सोनीबाई गावातल्या बायकांचे ब्लाउज शिवायची. दहावीपर्यंत शिकलेली, वाचनाची इतकी हौस, की भज्याचा कागदसुद्धा भजं संपल्यावर तेलासकट वाचून काढायची. डोळा असा बारीक, की बाई दारातून आत आली की टेप न लावताच तिला छातीचं माप कळे. फक्त एक गोष्ट तिला जमत नसे. शांतपणे चालू असलेल्या कामात कोणी अचानक ओरडलं, तर ती दचकायची.

पौष सरता सरता एका सकाळी ती अन्नपूर्णाच्या ब्लाउजची बाही कापत होती. अन्नपूर्णा अंगणवाडीत शिकवायची, पुढच्या आठवड्यात तिच्या भावाचं लग्न होतं, आणि मोरपंखी रंगाचं ते कापड तिच्या मावशीनं हैदराबादहून आणलं होतं. कैची अर्ध्यावर आली आणि अंगणात रामाजींनी चहाचा हॉर्न दिला. तीनदा. कैची सरळ जायची ती तिरपी गेली आणि कोपराजवळ थांबायचं सोडून खांद्यापर्यंत पोहोचली.

सोनीबाईनं त्या दोन तुकड्यांकडे पाहिलं. मग खिडकीतून अंगणाकडे पाहिलं. रामाजी गाडीत बसून आरशात मिशी पाहत होते.

"चाय येऊन राह्यला," ती म्हणाली, आणि इतक्या गोड आवाजात म्हणाली की रामाजींना खरं म्हणजे तेव्हाच शंका यायला हवी होती.

तिला काय करायचं ते माहीत होतं, कारण ते तिला दोन महिन्यांपूर्वी इसरूनं शिकवलं होतं. दिवाळीनंतर ती दोघं मुलीकडे, दिव्यानीकडे, राजुऱ्याला गेली होती. परत येताना गाडीतलं मोबाइल चार्ज करायचं सॉकेट बंद पडलं. रामाजींनी गाडी चामोर्शीत इसरूच्या दुकानासमोर लावली. इसरू गाड्यांचं वायरिंगचं काम करायचा. तो ड्रायव्हरच्या गुडघ्याजवळ वाकला, डॅशबोर्डच्या खालचं एक झाकण काढलं, आणि आत रंगीबेरंगी बटणांच्या ओळी दिसल्या. लाल, निळी, पिवळी, हिरवी. सोनीबाईला एकदम वाटलं, की हे आपल्या बटणांच्या डब्यासारखंच आहे.

"हे काय होय?" तिनं मागून मान पुढे काढून विचारलं.

"फ्यूज होय बाई. प्रत्येक कामाचा एकेक." इसरूनं झाकणातच अडकवलेल्या प्लास्टिकच्या लहानशा चिमट्यानं एक निळा ओढून काढला आणि उजेडात धरला. "हे पहा. अंदर तार दिसते ना, इकडून तिकडं? ते मधून तुटली. जास्त करंट आला की हा स्वतः जळते, बाकीच्याले वाचवते."

सोनीबाईनं तो हातात घेतला. बारीक तार, मधोमध तुटलेली, टोकाला काळी पडलेली. धागा तुटतो तशीच.

"मंग दुसरा लावला की झालं?"

"झालं. पण नंबर पाहून. ह्याच्यावर पंधरा लिहून हाये, तं पंधराचाच लावा लागते. मोठा लावला तं हा जळत नाई, वायर जळते." त्यानं झाकणाच्या आतल्या खाचेतून जास्तीचा निळा काढून बसवला आणि झाकण तिला दाखवलं. "कोणता कशाचा ते इथीच छापून हाये. चित्रं हायेत."

तेवढं पुरलं. घरी आल्यावर तिनं गाडीच्या कप्प्यातलं पुस्तक काढलं. ते इंग्रजीत होतं, पण चित्रं कोणत्याही भाषेत नसतात. पंख्याचं चित्र, दिव्याचं चित्र, काच पुसणाऱ्या काडीचं चित्र, आणि एक लहानसा भोंगा. पुस्तकातून तिला हेही कळलं, की असाच दुसरा डबा समोर बॉनेटखाली बॅटरीजवळ असतो आणि त्यात मोठ्या कामांचे फ्यूज असतात. मग दुपारी रामाजी झोपले की ती चावी घेऊन गाडीत जायची. चावी बंद करून एक फ्यूज काढायची, चावी लावायची, काय बंद पडलं ते पाहायची, परत बसवायची. ज्या वहीत बायकांची मापं लिहायची, तिच्याच शेवटच्या पानावर हेही लिहून ठेवलं. 'चंदा कोवे, बाही साडेनऊ' ह्याच्या मागच्या बाजूला 'आतला दिवा, दहा, लाल'. कोणत्या चित्रावर काय ह्यात तिची एकदाही चूक झाली नाही. हे सगळं कशासाठी, असं तिला कोणी विचारलं असतं तर ती म्हणाली असती, काही नाही, उगाच.

तर चहा देऊन ती आत आली. रामाजी चहा पिऊन आंघोळीला गेले. बादलीचा आवाज सुरू होताच सोनीबाईनं झाकण उघडलं, भोंग्याच्या चित्राखालचा लाल फ्यूज चिमट्यानं काढला, आणि कमरेच्या चंचीत टाकला. झाकण परत टक्‌ करून बसवलं. मग मोरपंखी बाहीला ठिगळाऐवजी काय करता येईल ह्याचा विचार करत बसली. शेवटी कापाच्या जागी तिनं सोनेरी काठ लावला, दोन्ही बाह्यांना. लग्नात चार जणींनी तसाच ब्लाउज मागितला, पण ती वेगळी गोष्ट.

रामाजी फाटकाबाहेर पडले आणि पहिल्याच बकरीला हॉर्न दिला. बकरी जागची हलली नाही. त्यांनी पुन्हा दाबला. मग तळहातानं दाबला. मग दोन्ही तळहातांनी. बकरीनं वळून पाहिलं आणि पुन्हा खायला लागली.

"अवं! हॉर्न मेला!" ते तिथूनच ओरडले. त्यांचा आवाज घरात कोणी गेल्यासारखा होता.

दुपारी दोघं इसरूकडे. सोनीबाई आपणहून मागच्या सीटवर बसली.

"इसरू, गाडी मुकी झाली गा," रामाजी म्हणाले.

इसरू वाकला, झाकण काढलं, टॉर्च मारून पाहिलं. भोंग्याच्या चित्राखाली रिकामी जागा. फ्यूज जळून पडत नाही, जळला तरी जागेवरच राहतो. हा कोणीतरी काढला होता. इसरूनं हळूच मान वर करून मागच्या सीटकडे पाहिलं. सोनीबाई समोरच्या बंद दुकानाकडे इतकं मन लावून पाहत होती, जसं काही तिथं नाटक चालू आहे.

इसरूच्या बायकोचे सगळे ब्लाउज सोनीबाई शिवायची. तो हुशार होता.

"भाऊ, हॉर्न ठीक हाये. लाइनमधे गडबड हाये. सामान नागपूरवरून बोलवा लागते."

"किती दिवस?"

इसरूनं पुन्हा मागे पाहिलं. "एक हप्ता," तो म्हणाला. सोनीबाईनं नाकावरची माशी हाकलल्यासारखी मान हलवली. "हप्ता नाई, पंधरा दिवस." पुन्हा माशी. "म्हणजे, महिनाभर धरून चाला भाऊ. सामानाचा काई भरोसा नाई."

रामाजींनी गाडी हळूहळू घरी आणली. हॉर्न नाही म्हटल्यावर त्यांचा वेग निम्म्यावर आला. प्रत्येक वळणावर थांबून, मान लांब करून पाहू लागले. सोनीबाईनं एवढा विचार आधीच करून ठेवला होता.

जे तिनं ठरवलं नव्हतं ते पुढे झालं. रस्त्यात कोणी आडवं आलं की रामाजींना आता काच खाली करून तोंडानं बोलावं लागे. "भाऊ, जरा बाजूले व्हता का?" बाजूला झालेला माणूस खिडकीशी येई. "काय रामाजीभाऊ, कुठी चालले?" मग धान किती झालं, बोअरला पाणी किती लागलं, जावयाची बदली कुठं झाली. एकतीस वर्षं ह्याच माणसांना रामाजींनी आरशात पाहिलं होतं. आता ती तोंडानं बोलत होती. दोन किलोमीटरवरच्या दुकानातून मीठ आणायला त्यांना दीड तास लागू लागला. घरी चहा पाहिजे असला तर गाडीतून उतरून, चपला काढून आत येऊन म्हणावं लागे, "चाय भेटते का?" सोनीबाई मशीनवरून मान न उचलता म्हणे, "भेटते. दोघांचा ठेवा."

तीन आठवडे असे सुखात गेले. मग तिला तिच्याच करणीचा झटका बसला.

दोन वर्षांपूर्वी सोनीबाईनं रामाजींचा खर्रा सोडवला होता. सुपारी-तंबाखू-चुन्याची ती घोटलेली पुडी ते दिवसाला सहा खायचे. तिनं दिव्यानीसमोर त्यांच्याकडून शपथ घेतली, कपाटातल्या, गादीखालच्या, गाडीच्या सीटखालच्या सगळ्या पुड्या चुलीत घातल्या, आणि गावभर सांगितलं. मात्र शेजारची ललिता मडावी दुपारी गप्पांना आली, की दोघी मागच्या ओसरीवर बसून चिमूटभर चिमूटभर खर्रा खात. फार नाही. चिमूटच. आणि त्यात कधी काही अडचण आली नव्हती, कारण रामाजी येत ते बाभळीच्या वळणापासूनच हॉर्न देत. तेवढ्यात तोंड धुऊन, लवंग चघळून व्हायचं.

त्या दुपारी गालात नुकताच खर्रा भरला होता आणि ललिता सरपंचाच्या सुनेची गोष्ट सांगत होती. रामाजी ओसरीच्या दारात उभे. पाय न वाजवता आलेले.

"काय चालू हाये?"

ललितानं पदर तोंडाला लावला. तिचे खांदे हलायला लागले. सोनीबाईला तोंड उघडता येईना. तिनं गालाकडे बोट दाखवलं.

"दाढ दुखते?"

तिनं जोरात मान हलवली.

"मंग सांगत काऊन नाई? आ कर, पाहू."

तिनं दोन्ही हातांनी नकार दिला. रामाजी घाईघाईनं आत गेले, मिठाचं कोमट पाणी घेऊन आले, हळद आणली, आणि गाडीची चावीसुद्धा आणली. "चल, डॉक्टरकडं नेतो. सुजला हाये ना गाल!" गाडीत बसायची वेळ आली तेव्हा सोनीबाईनं डोळे मिटले आणि ते सगळं गिळून टाकलं.

"झालं बरं," ती म्हणाली. त्यानंतर संध्याकाळपर्यंत तिला उचक्या लागल्या होत्या. रामाजींनी तिला मशीनवर बसू दिलं नाही, स्वतः खिचडी केली, आणि तीत मीठ दोनदा घातलं.

दुसऱ्या दिवशी फ्यूज परत लावून टाकावा असं तिनं ठरवलं. पण इसरू महिनाभर म्हणाला होता, आणि हॉर्न आपोआप कसा बोलायला लागला ह्याचं उत्तर तिच्याकडे नव्हतं. तोवर महाशिवरात्र आली.

मार्कंड्याच्या जत्रेला दोघं आणि ललिता, असे तिघं निघाले. सकाळी नऊची वेळ, ऊन तापायला लागलेलं, वैनगंगेकडे जाणाऱ्या रस्त्यावर बैलगाड्या, ट्रॅक्टर, पायी जाणारी माणसं. गर्दीत गाडी मुंगीच्या चालीनं चालली होती. मधेच तिनं दोन आचके दिले आणि बंद पडली. रामाजींनी चावी फिरवली. इंजिन घर्रघर्र फिरलं, पण चालू होईना. मागून ट्रॅक्टरवाल्यांनी ओरडायला सुरुवात केली. गर्दीतल्या चौघांनी ढकलून गाडी कडेला घेतली.

त्या चौघांत हेमराज होता. रामाजींच्या गाडीवर बारा वर्षं कंडक्टर. त्यानं बॉनेट उघडलं आणि आत पाहून म्हणाला, "बॅटरी गेली."

"बॅटरी गेली असती तं घर्रघर्र कसं केलं असतं?" मागून सोनीबाई म्हणाली.

दोघांनी तिच्याकडे पाहिलं.

"चावी पुन्हा लावा," ती रामाजींना म्हणाली. "फक्त अर्धी. सुरू नोका करू." तिनं मागच्या सीटपाशी कान नेला. "बंद करा. पुन्हा लावा." मग उभी राहिली. "रोज चावी लावली की मागून घुँऽ आवाज येते. दोन सेकंद. आज नाई आला. पेट्रोलचा पंप बंद हाये."

ललिता म्हणाली, "अवं बाई, तुले हे कोणं सांगतलं?"

"कोणं नाई. कान हाये ना मले."

तिनं पदर खोचला, चावी काढून घेतली, आणि बॅटरीजवळच्या काळ्या डब्याचं झाकण उघडलं. तोवर दहा-बारा माणसं जमली होती. झाकणावरच्या चित्रात पेट्रोलपंपाची खूण शोधली, त्यातच अडकवलेल्या चिमट्यानं निळा फ्यूज ओढला, सूर्याकडे धरला. तार तुटलेली, प्लास्टिक आतून धुरकट.

"पहा," ती म्हणाली. गर्दीतल्या शेवटच्या माणसानंही पाहिलं.

जास्तीचे फ्यूज खाचेत नव्हते. निळा इसरूनं सॉकेटला वापरला होता, उरलेले आधीच्या मालकानं कधीच खलास केले होते. हेमराजनं खिशातून सिगारेटच्या पाकिटातली चंदेरी पन्नी काढली. "वहिनी, हे गुंडाळून लावा. आमी एस.टी.त असंच करत होतो. काई होत नाई."

"काई होत नाई म्हणजे काय, जळत नाई!" सोनीबाई म्हणाली. "जळा लागते तो. हा नाई जळला तं आतली वायर पेटते, अन्‌ पेट्रोलच्या पंपाची वायर होय ते. महादेवापुढं आपलाच धूप जाळता का?"

माणसं हसली. हेमराजनं पन्नी खिशात घातली. एका ट्रॅक्टरवाल्यानं हिरवा फ्यूज पुढे केला. तो तीसचा होता, तोही तिनं परत दिला. कमरेच्या चंचीत तिच्याजवळ एक होताच. पण तो लाल, दहाचा. लावला असता तर मंदिर यायच्या आधीच गेला असता. आणि शिवाय तो कुठून आला हे सांगावं लागलं असतं.

"मोबाइलच्या सॉकेटचा पंधराचा हाये," ती म्हणाली. "आज मोबाइल चार्ज नाई केला तं कोणी मरत नाई." आणि बोलता बोलता, विसरून, तिनं ड्रायव्हरच्या गुडघ्याजवळचं झाकण काढलं.

रामाजी शेजारीच वाकून पाहत होते. एकतीस वर्षं गाडी चालवलेला माणूस तो. फ्यूज कधी त्यांनी स्वतः काढला नव्हता, ते काम डेपोतल्या माणसांचं. पण रिकामी जागा कोणालाही दिसते, आणि तिच्यावरचा भोंगाही.

सोनीबाईनं निळा काढला, पंपाच्या जागी बसवला, डबा बंद केला. रामाजींनी चावी लावली. मागून घुँऽ आलं. गाडी चालू झाली. गर्दीनं टाळ्या वाजवल्या, कोणी 'हर बोला' म्हणालं, आणि माणसं पांगली. रामाजींनी गाडी पुन्हा बंद केली.

"दिव्यानीची माय."

"काय?"

"ह्या भोंग्याखालचा कुठी गेला?"

ललिता एकदम नदीकडे पाहायला लागली. सोनीबाईनं पदर सारखा केला. मग चंचीची दोरी सोडली आणि आत बोटं घातली. पण चंची घट्ट भरली होती. फ्यूज निघाला, आणि त्याच्याबरोबर एक पुडीही रस्त्यावर पडली. पन्नीत बांधलेली, ओळखीची.

रामाजींनी फ्यूज उचलला नाही. पुडी उचलली. नाकाजवळ नेली. दोन वर्षांनी तो वास आला म्हणून क्षणभर डोळेही मिटले.

"दाढ बरी झाली वाटते तुही," ते म्हणाले.

सोनीबाईचा चेहरा लाल झाला. त्यापूर्वी तिला असं झालेलं ललितानं कधी पाहिलं नव्हतं. "अन्नपूर्णाची बाही कापली मी," ती हळू म्हणाली. "तुमच्या चायच्या पायी. खांद्यापर्यंत."

"मंग मले सांगाचं ना!"

"सांगतलं असतं तं तुम्ही ऐकलं असतं?"

रामाजी विचार करू लागले. खरंच विचार करू लागले, आणि त्यात बराच वेळ गेला. मागून एक बैलगाडी आली. रामाजींनी ती जाऊ दिली.

"नसतं ऐकलं," ते म्हणाले. मग त्यांना हसू यायला लागलं. आधी पोट हललं, मग मिशी, आणि मग ते स्टिअरिंगवर डोकं टेकवून हसले. "इसरू! नागपूरवरून सामान! त्याची तं मी..." पुढचं त्यांना हसण्यात बोलता आलं नाही. हेमराज दूर प्रसादाच्या दुकानाशी उभा होता, तो पळत आला. त्याला वाटलं भाऊंना काही झालं.

खर्ऱ्याची पुडी त्यांनी नदीत टाकली. सोनीबाईनं ती डुबेपर्यंत पाहिली. लाल फ्यूज मात्र त्यांनी तिच्याच हातानं बसवून घेतला आणि चिमटा कसा धरायचा ते तिथंच शिकून घेतलं. तहही झाला. हॉर्न रस्त्यावर. अंगणात नाही. हा तह त्यांनी चार दिवस पाळला. नंतर अधूनमधून मोडतात, पण एकदाच दाबतात आणि लगेच खिडकीकडे पाहतात.

दोन दिवसांनी इसरूनं मागच्या सीटखाली उंदरानं कुरतडलेली वायर शोधून काढली आणि पट्टी गुंडाळून दिली. "फ्यूज उगाच नाई उडत बाई," तो म्हणाला. "पुन्हा तोच उडला तं समजाचं, कारण वेगळं हाये." सोनीबाईनं ते वहीत लिहिलं. रामाजी त्याच्याशी तासभर बोलले नाहीत. मग त्यानं चहा मागवला.

पिपरटोल्यात आणि आसपास आता कोणाच्या गाडीचा दिवा गेला, वायपर अडला, तर आधी सोनीबाईकडे येतात. हे रामाजींचंच काम. जिथं जातील तिथं सांगतात. मागच्या महिन्यात तर त्यांनी मुलचेऱ्याकडच्या एका मंडल नावाच्या मास्तरांना रस्त्यात थांबवून घरी आणलं, कारण त्यांच्या गाडीचा पंखा फिरत नव्हता. सोनीबाई ब्लाउजला हूक लावत होती. ती उठली, फ्यूज काढला, उन्हात पाहिला, परत बसवला.

"फ्यूज चांगला हाये मास्तर. बीमारी पुढं कुठी हाये, ते मले नाई समजत. इसरूकडं जा."

मास्तरांनी धन्यवाद दिले. रामाजींचा चेहरा पडला. वाटेत त्यांनी मास्तरांना काय काय सांगून ठेवलं होतं, देव जाणे.

"काहीतरी करून पहाचं ना," ते ती आत जात असताना कुजबुजले.

"जे माहीत नाई त्यात हात नाई घालत मी," सोनीबाई म्हणाली. "मास्तरले जेवू घाला. वांग्याची भाजी हाये." आणि दाताखाली धागा तोडून तिनं पुढचा हूक घेतला.